किडनीच्या पेशंटला विसराळूपणाच्या स्टडीत बोलावलंय? सही करण्याआधी हे वाचा

किडनीच्या ओपीडीबाहेर नंबरची वाट बघत बसलेलं असताना एखादी तरुण डॉक्टर हातात फॉर्म घेऊन येते आणि विचारते, “बाबा, हल्ली विसरायला होतं का?” बाबा म्हणतात, “छे, काही नाही.” शेजारी बसलेली आई तोंडाला पदर लावून हसते. मग डॉक्टर आईकडे वळते आणि सांगते की आमची एक स्टडी चालू आहे, किडनीचा आजार आणि स्मरणशक्ती यावर, तुम्ही भाग घ्याल का?

आता हो म्हणायचं की नाही, काय विचारायचं, कोणते कागद न्यायचे, हे कोणी नीट सांगत नाही. माझ्या सासऱ्यांना, म्हणजे अण्णांना घेऊन मी यातून गेले आहे. अण्णा नाशिक जिल्ह्यातल्या निफाड तालुक्यातले द्राक्षबागायतदार. किडनीचा आजार पाचपैकी चौथ्या टप्प्यावर, जोडीला जुनी शुगर आणि बीपी. कोणत्या हॉस्पिटलची स्टडी होती ते मुद्दाम लिहीत नाही, कारण पद्धत सगळीकडे साधारण सारखीच असते.

किडनीचा आणि डोक्याचा संबंध काय, हा पहिला प्रश्न सगळेच विचारतात. दोन्ही अवयवांना बारीक रक्तवाहिन्यांमधून भरपूर रक्त लागतं. बीपी आणि शुगर वर्षानुवर्षं वाढलेली राहिली की या बारीक वाहिन्या दोन्हीकडे खराब होतात. शिवाय किडनी नीट गाळत नसली की रक्तात साठणारी द्रव्यं आणि कमी झालेलं हिमोग्लोबिन यांचाही मेंदूवर परिणाम होतो. अमेरिकेत मिनेसोटात डायलिसिसवरच्या ५५ वर्षांपुढच्या ३३८ लोकांच्या स्मरण-विचारशक्तीची चाचणी केली (हे २००६ साली छापून आलं), तेव्हा ३७ टक्क्यांमध्ये गंभीर स्वरूपाचा दोष सापडला. त्यांच्या केसपेपरवर मात्र जेमतेम ३ टक्क्यांच्या बाबतीत तशी नोंद होती. आपल्या घरांत तर हे सगळं “वय झालं आता” या खात्यात जातं.

१. स्टडी कोणत्या प्रकारची, हे आधी विचारा

नुसतं ‘स्टडी’ म्हटलं की त्यात तीन वेगळ्या गोष्टी येतात. पहिली निरीक्षणाची: औषध काही नाही, फक्त चाचण्या, रक्त, प्रश्नावली आणि काही महिन्यांनी पुन्हा तेच. दुसरी एमडी-डीएम करणाऱ्या डॉक्टरांच्या प्रबंधाची. म्हसरूळच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाशी जोडलेल्या कॉलेजांत, मग ते आडगावचं मेडिकल कॉलेज असो की दुसरं कुठलं, पदव्युत्तर विद्यार्थ्यांना प्रबंध करावाच लागतो. अशा स्टडी बहुधा लहान असतात आणि एकाच हॉस्पिटलात चालतात. तिसरी खरी ‘ट्रायल’. म्हणजे नवीन औषध, किंवा जुनंच औषध नव्या कारणासाठी, किंवा व्यायाम, आहार असं काहीतरी करून बघायचं. यात चिठ्ठी टाकल्यासारखे दोन गट पाडतात आणि तुमचा माणूस कोणत्या गटात जाणार हे डॉक्टरही ठरवत नाहीत. एका गटाला औषधासारखी दिसणारी, पण औषध नसलेली गोळीही मिळू शकते.

तिन्हींत धोका वेगळा, त्रास वेगळा. म्हणून पहिला प्रश्न एकच ठेवा: “यात काही नवीन औषध देणार का?”

आणि एक समज आत्ताच काढून टाका. स्टडीत नाव घातलं म्हणजे स्मरणशक्ती परत येणार, असं नाही. स्टडी ही उपचार नव्हे. नातेवाईक इथेच सगळ्यात जास्त फसतात, आणि डॉक्टरांनी फसवल्यामुळे नाही तर स्वतःच्या आशेने.

२. सीटीआरआयवर शोधा

भारतातल्या ट्रायल्सची नोंदवही म्हणजे सीटीआरआय. आयसीएमआरने (वैद्यकीय संशोधनाची केंद्र सरकारची संस्था) ती २००७ मध्ये सुरू केली आणि १५ जून २००९ पासून ट्रायलची नोंदणी सक्तीची झाली. वेबसाइट फुकट आहे, लॉगिन लागत नाही. नोंदणी क्रमांक सीटीआरआय, मग वर्ष, महिना आणि आकडे असा असतो. तो कोऑर्डिनेटरकडे (स्टडीचं रोजचं काम बघणाऱ्या माणसाकडे) मागा आणि घरी मुलांना बघायला सांगा. स्वतःहून स्टडी शोधत असाल तर इंग्रजीत किडनी डिसीज आणि कॉग्निशन असे शब्द टाका. नाशिकचं स्पेलिंग एस-एचने आणि नुसत्या एसने, दोन्ही करून बघा.

पानावर माहिती भरपूर असते, पण चार ठिकाणी नजर टाकली तरी पुरे. एथिक्स कमिटीची (भाग घेणाऱ्यांचं हित जपणाऱ्या समितीची) मंजुरी आहे का, भरती चालू आहे का, पैसा कोणाचा आहे, आणि कोणाला घेणार व कोणाला वगळणार. ही शेवटची यादी वाचलीत तर एक चक्कर वाचेल. डायलिसिसवरचे, पूर्वी पक्षाघात झालेले किंवा मानसिक आजाराच्या गोळ्या चालू असलेले पेशंट बऱ्याच स्टडींत चालत नाहीत.

३. फाइल बांधा

किडनीच्या पेशंटच्या घरी कागदांची पिशवी असते, फाइल नसते. आमच्याकडेही द्राक्षाच्या औषध कंपनीची कापडी पिशवीच होती. स्टडीवाल्यांना तारखेनुसार कागद लागतात, कारण आजार जुनाट आहे हे दाखवायला निदान तीन महिन्यांच्या अंतराचे दोन रिपोर्ट हवेत. हे घ्या:

क्रिएटिनिनचे (किडनीच्या रक्ततपासणीचे) सगळे रिपोर्ट, जुने खाली आणि नवे वर. ईजीएफआर (किडनी किती गाळते त्याचा आकडा) छापलेला असला तर उत्तम. तो ६० च्या खाली गेला की तिसरा टप्पा, ३० च्या खाली चौथा, १५ च्या खाली पाचवा.
लघवीतल्या प्रथिनांचा रिपोर्ट, पोटाची सोनोग्राफी.
हिमोग्लोबिन, शुगर, बी-१२ आणि थायरॉइडचे अलीकडचे रिपोर्ट.
डायलिसिस चालू असेल तर त्याचा चार्ट आणि वार.
डोक्याचा जुना सीटी किंवा एमआरआय असेल तर नुसता कागद नको, सीडी किंवा फिल्मही.
आधार कार्ड, आणि जन आरोग्य योजनेत उपचार चालू असतील तर त्याचे कागद.
चालू असलेल्या सगळ्या गोळ्यांच्या रिकाम्या स्ट्रिप. यादी लिहून नेऊ नका, स्ट्रिपच न्या, म्हणजे ताकद वाचता येते. गुडघ्याच्या दुखीची गोळी, कोणी दिलेला काढा, भस्म, झोपेची अर्धी गोळी, सगळं त्यात घाला. लपवण्यासारखं त्यात काही नाही.

गोळ्यांच्या बाबतीत थोडं थांबते, कारण काही वेळा कोडं इथेच सुटतं. पायांची आग होते म्हणून शुगरवाल्यांना प्रीगॅबालिन किंवा गॅबापेंटिन दिलेलं असतं. ही औषधं किडनीतून बाहेर पडतात. किडनी मंदावली आणि डोस तोच राहिला की माणूस झोपाळू होतो, बोलताना अडखळतो, गोंधळतो. पाठीच्या दुखीसाठी दिलेल्या बॅक्लोफेनचंही तसंच. बी-१२ कमी असणं, थायरॉइड बिघडणं, सोडियम उतरणं, मन खचणं, यांनीही विसरायला होतं, आणि यातल्या बऱ्याच गोष्टी दुरुस्त होतात. म्हणून स्टडीच्या आधी किडनीच्या डॉक्टरांसमोर स्ट्रिप ठेवा आणि विचारा, “यातल्या कुठल्या गोळीने डोक्यावर परिणाम होतो का?” आपल्या मनाने मात्र कुठलीही गोळी बंद करू नका.

४. संमतीपत्र घरी न्या

“इथे सही करा, बाकी मी भरते,” असं कोणी म्हटलं तर हसून कागद पिशवीत घाला. संमतीपत्र आणि त्याच्यासोबतचं माहितीपत्रक तुम्हाला समजणाऱ्या भाषेत मिळायला हवं, वाचायला वेळ मिळायला हवा, आणि सही केल्यावर त्याची प्रत तुमच्याकडे राहायला हवी. २०१९ चे नवीन औषधं व क्लिनिकल ट्रायल नियम आणि आयसीएमआरची २०१७ ची मार्गदर्शक तत्त्वं, दोन्हींमध्ये हे आहे. म्हणजे तुम्ही मेहरबानी मागत नाही.

ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी एक निःपक्ष साक्षीदार लागतो. तो स्टडीच्या टीमचा नसावा. त्याच्यासमोर सगळं वाचून दाखवायचं आणि मग अंगठा. पेशंटचं विसरणं इतकं वाढलं असेल की त्याला समजून निर्णय घेता येत नाही, तर कायद्याने मान्य असलेला प्रतिनिधी, बहुतेक वेळा जवळचा नातेवाईक, सही करतो. तरीही पेशंटला जेवढं समजेल तेवढं सांगायचं आणि तो ‘नको’ म्हणत असेल तर तिथेच थांबायचं. अण्णांना सगळं समजत होतं, तरी सगळे माझ्या नवऱ्याकडे बघून बोलत होते. सत्तरीच्या माणसाला स्वतःच्या सहीची किंमत चांगली कळते, सोसायटीचं कर्ज काढताना त्यांनी डझनभर सह्या केलेल्या असतात. त्यांच्याकडे बघून बोला, असं मला स्पष्ट सांगावं लागलं.

नवीन औषधाच्या काही ट्रायल्समध्ये, पेशंट असा नाजूक स्थितीतला असेल तर, संमतीचं व्हिडिओ रेकॉर्डिंग करतात. कॅमेरा बघून घाबरू नका, तो तुमच्याच बाजूचा पुरावा असतो.

पत्रकात या गोष्टी शोधा, नसतील तर विचारा: एकूण किती वेळा यावं लागेल, रक्त किती वेळा आणि किती काढणार, नमुना साठवून पुढे दुसऱ्या संशोधनाला वापरणार का (याला वेगळं हो किंवा नाही म्हणता येतं), त्रास झाला तर खर्च कोणाचा, आणि एथिक्स कमिटीच्या सचिवांचा फोन नंबर. हा नंबर मोबाइलमध्ये सेव्ह करा. डॉक्टरांशी वाजलं तर जायचं ठिकाण तेच आहे.

५. चाचणीचा दिवस

स्मरणशक्तीची चाचणी म्हणजे मशीन नव्हे. समोर बसलेला माणूस प्रश्न विचारतो, शब्द लक्षात ठेवायला सांगतो, चित्र काढायला लावतो, आकडे उलटे म्हणायला सांगतो. पुष्कळ ठिकाणी मोका नावाची चाचणी वापरतात. तीस गुणांची, दहाएक मिनिटांची. त्यातले प्रश्न इथे लिहीत नाही आणि तुम्हीही यूट्यूबवर बघून तालीम करून घेऊ नका. पाठ केलेल्या उत्तरांनी आकडा सुधारतो, डोकं नाही, आणि मग सहा महिन्यांनी होणाऱ्या चाचणीशी तुलना करायला खरं काही उरत नाही.

आकडा कधी खोटा येतो, ते आता सांगते.

डायलिसिसचे पेशंट असतील तर डायलिसिस चालू असताना, खुर्चीवर पडल्या पडल्या चाचणी द्यायला तयार होऊ नका. त्या काही तासांत अंगातलं पाणी आणि क्षार भराभर बदलत असतात आणि डोकं सगळ्यात मंद तेव्हाच चालतं. डायलिसिसच्या थोडं आधी किंवा दुसऱ्या दिवशी निकाल चांगला येतो, असं अभ्यासात दिसलं आहे. टीमला सोयीचं म्हणून ते युनिटमध्येच उरकायला बघतात, तेव्हा “उद्या येतो” म्हणा. पुढच्या वेळीही त्याच वारी, त्याच वेळेला या.

उपाशीपोटी रक्त द्यायचं असेल आणि पेशंट इन्सुलिनवर असेल तर क्रम बदलून मागा: आधी रक्त, मग खाणं, मग चाचणी. किडनी अधू असली की इन्सुलिन अंगात जास्त वेळ राहतं आणि साखर पटकन उतरते. साखर उतरलेल्या माणसाला कालचं सोडा, आत्ताचं सांगता येत नाही. त्या सकाळी इन्सुलिन किती घ्यायचं, घ्यायचं की नाही, हे आदल्या दिवशीच डॉक्टरांना फोन करून ठरवा.

जवळचा चष्मा आणि कानाचं मशीन न्या. ऐकू न आलेला शब्द ‘विसरला’ म्हणून धरला जातो. तपासणाऱ्याने मास्क लावला असेल आणि बाहेर नंबर पुकारले जात असतील तर दार लावून घ्यायला सांगा.

भाषा हा आपल्या जिल्ह्यात मोठाच मुद्दा आहे. मालेगाव, बागलाण, देवळा, कळवणकडची माणसं घरात अहिराणी बोलतात, सुरगाणा-पेठकडे कोकणा. पुण्या-मुंबईच्या बोलीत प्रश्न आला की ही माणसं आधी तो मनात उलटवतात, मग उत्तर देतात, आणि तेवढ्यात वेळ जातो. भरभर नावं सांगण्याच्या प्रश्नात अहिराणी शब्द चालतील का, ते सुरू व्हायच्या आधी विचारून घ्या. शाळा किती झाली हेही खरं सांगा. मोकामध्ये बारा किंवा त्याहून कमी वर्षं शिकलेल्यांना एक गुण वाढवून देतात. २६ किंवा त्याहून जास्त म्हणजे ठीक, हा आकडा परदेशातल्या शिकलेल्या लोकांवर काढलेला आहे. चौथी पास शेतकऱ्याला २१ आले म्हणून घरी रडारड करायची गरज नाही. अर्थ डॉक्टरांना लावू द्या.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, खोलीत तुम्ही असाल तर गप्प बसा. ओठ हलवू नका, खोकू नका, “अहो, काल नाही का आपण...” असं सुरू करू नका.

६. आता तुमची पाळी

हे मला आधी कोणीच सांगितलं नव्हतं. विसराळूपणाच्या स्टडीत नातेवाइकाचीही मुलाखत होते, आणि ती पेशंटच्या चाचणीइतकीच महत्त्वाची असते. किडनीच्या आजारात बऱ्याचदा नावं-गावं विसरण्याआधी वेग आणि लक्ष ढिलं पडतं, एका वेळी दोन गोष्टी सांभाळणं जड जातं, हिशेब रेंगाळतो. हे खोलीतल्या चाचणीत निसटू शकतं, घरात निसटत नाही.

अण्णांचंच बघा. त्यांना १९८० च्या दशकातले कांद्याचे भाव तोंडपाठ. पण पूर्वी दोनशे लिटर पाण्याला औषध किती ग्रॅम, याचा हिशेब ते चालता चालता करायचे आणि तीन औषधं एकत्र चालतात की नाही तेही सांगायचे. आता डबा हातात घेऊन उभे राहतात, लेबल दोनदा वाचतात आणि मग गड्याला विचारतात. मुलाखतीत “विसरतात थोडं” या वाक्याचा काडीचा उपयोग नाही. डब्याची गोष्ट सांगा. कधीपासून, महिन्यातून किती वेळा, पूर्वी कसं होतं.

म्हणून मुलाखतीला कोण बसणार ते विचार करून ठरवा. आपल्याकडे मोठा मुलगा बसतो, कारण तो मोठा. पण तो अंबडच्या कंपनीत, घरी येतो रविवारी. गोळ्या डबीत भरणारी, चहा दोनदा मागितला तर दोनदा देणारी, मोटर बंद करायची राहिली तर रात्री टॉर्च घेऊन जाणारी बाई वेगळीच असते. तिला बसवा. आमच्याकडे आधी मला खोलीबाहेर थांबवलं होतं. माझ्या नवऱ्याला तिसऱ्याच प्रश्नाला उत्तर येईना, तेव्हा मुलाखत घेणाऱ्या मॅडमनी विचारलं, “घरात यांच्या गोळ्या कोण बघतं?” मग मला आत बोलावलं.

ही मुलाखत पेशंटसमोर होऊ देऊ नका. कोणत्याही सासऱ्याला सुनेच्या तोंडून आपल्या चुकांची यादी ऐकायला आवडत नाही, आणि सूनही मग खरं बोलत नाही. दर वेळी तीच व्यक्ती उत्तरं देणार, हेही ठरवून टाका.

आदल्या महिनाभर कॅलेंडरवर बारीक अक्षरात नोंदी करा. आमच्याकडे दुधाचा हिशेब त्यावरच असतो, त्याच्याखालीच लिहायचे.

७. रक्त आणि एमआरआय

पेशंटला फिस्टुला (डायलिसिससाठी हातात शस्त्रक्रियेने जोडलेली शीर) असेल तर त्या हाताला सुई नाही, बीपीचा पट्टाही नाही. नवीन मुलं घाईत विसरतात, तुम्ही बोला. चौथ्या टप्प्यातल्या माणसाला पुढे फिस्टुला लागू शकतो, म्हणून शक्यतो ज्या हाताने काम करतात त्या हाताच्या पंजाच्या मागून रक्त घ्यायला सांगा, म्हणजे दुसऱ्या हाताच्या वरच्या शिरा शाबूत राहतील.

एमआरआय असेल तर ‘इंजेक्शन देऊन’ की ‘साधा’, ते विचारा. स्मरणशक्तीच्या स्टडीत बहुधा साधा पुरतो. गॅडोलिनियमचं इंजेक्शन ईजीएफआर ३० च्या खाली असताना जपून द्यावं लागतं, तेव्हा किडनीच्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय हो म्हणू नका. पेसमेकर, जुनी सळई, डोळ्यात गेलेला लोखंडाचा कण, हे आधी सांगा.

८. पैसे आणि प्रवास

स्टडीसाठी म्हणून ज्या तपासण्या होतात त्यांचं बिल पेशंटने भरायचं नसतं. तुमचा नेहमीचा उपचार वेगळा, त्याचा खर्च नेहमीप्रमाणे. खिडकीवर दोन्ही एकत्र होतात आणि पावती फाडली जाते, म्हणून पैसे देण्याआधी कोऑर्डिनेटरला फोन लावा. येण्याजाण्याचं भाडं मिळणार असेल तर ते संमतीपत्रात लिहिलेलं असतं. तिकिटं जपून ठेवा.

पिंपळगाव, ओझर, चांदवडकडून येणाऱ्यांना आडगाव शहराच्या आधीच लागतं, पण शालिमार किंवा त्र्यंबक रोडला जायचं तर द्वारकेचा ट्रॅफिक धरून निघा. दमून आलेल्या म्हाताऱ्या माणसाची चाचणी घेऊन काय मिळणार? शक्य तर आदल्या रात्री नाशिकलाच पाहुण्यांकडे मुक्काम करा. पुढच्या तारखा देताना ऑक्टोबरची छाटणी, फेब्रुवारी-मार्चचा माल आणि २०२७ च्या ऑगस्ट-सप्टेंबरातल्या सिंहस्थ पर्वण्या, तिन्ही टाळून मागा. प्रत्येक तारखेच्या मागेपुढे काही दिवसांची सवलत असते. ती किती, ते विचारून कॅलेंडरवर लिहून ठेवा.

९. त्रास झाला, किंवा सोडायचं असलं तर

औषधाच्या ट्रायलमध्ये असताना पेशंट पडला, ॲडमिट झाला, अगदी दुसऱ्या कारणाने दुसऱ्या दवाखान्यात गेला, तरी लगेच कळवा. गंभीर घटना कळल्यावर डॉक्टरांना २४ तासांत वर कळवावी लागते. ट्रायलमुळे इजा झाली तर उपचार आणि नुकसानभरपाई पेशंटच्या हक्काची आहे. ॲडमिट करणाऱ्या डॉक्टरांना स्टडीचं कार्ड दाखवा.

बाहेर पडायला कारण द्यावं लागत नाही. “आता किडनीचा उपचार इथे मिळणार नाही” असं कोणी सूचित केलं तर ते चूक आहे, सरळ एथिक्स कमिटीला फोन करा. फक्त औषध अचानक बंद करू नका, कसं उतरवायचं ते विचारून घ्या.

१०. निकाल मागून घ्या

अमेरिकेत स्प्रिंट नावाची मोठी ट्रायल झाली, ९,३६१ लोकांची. वरचं बीपी १२० च्या आत ठेवायचं ठरवलेल्या गटात स्मरणशक्तीचा सौम्य दोष कमी दिसला. डिमेन्शियाच्या, म्हणजे विसरण्याच्या मोठ्या आजाराच्या बाबतीत मात्र फरक पक्का म्हणता येईल इतका नव्हता. हे २०१९ ला छापून आलं. पण त्यात शुगरवाल्यांना घेतलंच नव्हतं आणि ईजीएफआर २० च्या खाली असलेल्यांनाही नाही. म्हणजे आमचे अण्णा तिथे शुगरमुळे दारातूनच परत आले असते. आपल्या लोकांवर इथे स्टडी व्हायला हव्यात, असं मला वाटतं ते यासाठी.

पण स्टडीचा निकाल लागायला वर्षं जातात, आणि तुमच्या माणसाचे रिपोर्ट तुम्हाला आज हवेत. चाचणीचे गुण, रक्ताचे रिपोर्ट आणि एमआरआयची सीडी यांतलं काय काय देणार ते पहिल्याच भेटीत विचारा. तपासणीत काही गंभीर सापडलं तर कळवणार का आणि कोणाला, हेही विचारा. मिळालेला कागद फाइलमध्ये तारखेवर लावा आणि किडनीच्या डॉक्टरांच्या पुढच्या भेटीत सगळ्यात वर ठेवा. स्टडीचे डॉक्टर आणि उपचाराचे डॉक्टर एकाच मजल्यावर बसत असले तरी एकाचा कागद दुसऱ्याकडे आपोआप जातो, असं धरून चालू नका.